काहील घासायला माणूस

१४ नोव्हेंबर १९९७, शुक्रवार. कोकंद.

ही वही माझा मुलगा तोलिब याच्या शाळेतील असून तिची बहुतेक पाने कोरी राहिली होती. तोलिबला अभ्यासाची आवड नव्हती, त्याचा एवढा एक उपयोग झाला. आजपासून मी हिच्यात नोंदी ठेवणार आहे. माझे शिक्षण इयत्ता चौथीपर्यंत झाले. त्यानंतर 'बायाचा नातू', अर्थात शोषक धनिकाचा वारस, म्हणून मला वर्गातून उठवण्यात आले. परंतु जे शिकलो ते नीट शिकलो. माझी विरामचिन्हे जागच्या जागी असतात. आजकालच्या पदवीधरांची नसतात.

नोंदी ठेवण्याचे कारण असे. आज दुपारी ताश्कंदहून एक खानावळवाला आला. कातडी कोट, हातात किल्ल्यांचा जुडगा, तो सारखा वाजवीत होता. त्याला आमची काहील, म्हणजे पुलावाची मोठी कढई, विकत हवी होती. मला तो 'ओता', अर्थात बाबा, म्हणत होता.

"ओता, दारात ठेवणार आम्ही ती. पाहुण्यांनी शेजारी उभं राहून फोटो काढावेत, असं काहीतरी जुनं हवंय. आणि आत फुलं लावणार."

"फुले?"

"जिरेनियम. लाल."

आदराच्या पाहुण्याच्या प्याल्यात चहा घोटभरच ओतावा, म्हणजे पुन्हा पुन्हा ओतण्याचा मान आपल्याला मिळतो. आणि जो नकोसा झाला त्याचा प्याला काठोकाठ भरावा, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असते. मी त्याचा प्याला काठोकाठ भरला. त्याने तो मिटक्या मारीत संपवला आणि म्हणाला, "वा ओता, मन मोठं आहे हो तुमचं!" अशा माणसाचा अपमान करण्याचीही सोय राहिलेली नाही.

तो गेल्यावर सून सबोहत दारात उभी राहिली. म्हणाली, "ओताजान, रागावू नका. पण घरात पीठ नाहीये. काहील आहे."

मी उत्तर दिले नाही. उद्धटपणाला उत्तर नसते.

काहिलीविषयी नोंद. ही माझे आजोबा शराफबाय चहावाले यांनी ओतवून घेतली. बिडाची असून तिला आठ कान आहेत. उचलण्यास चार माणसे लागतात. त्या काळी आमची सहा अंगणे होती; आज दीड आहे. दुकान, घोडे, गालिचे, जर्दाळूची बाग, सर्व एकोणतीस साली जप्त झाले. काहील तेवढी वाचली, कारण जप्तीला आलेल्या समितीचेच जेवण त्या दिवशी तिच्यात शिजत होते. पुढे मोहल्ल्यातील प्रत्येक लग्नाचा, सुंतेचा आणि मयताचा पुलाव हिच्यातच झाला. मागून नेलेले भांडे रिकामे परत करू नये, असा आमचा रिवाज आहे; म्हणून ती येताना तळाशी एक ताट पुलाव आणि दोन नान घेऊन येई.

सतरा सालच्या दुष्काळात आजोबांनी हिच्यात रोज लापशी शिजवली. वडील सांगत की, आजोबा कोणालाही 'जेवायला या' असे म्हणत नसत. ते गल्लीत उभे राहून एवढेच ओरडत, "काहील घासायला माणूस हवा!" आणि रोज तीस-तीस माणसे घासायला येत. यावरून आमच्या घरातील स्वच्छतेची कल्पना यावी.

१७ नोव्हेंबर, सोमवार

चहाखान्यात गेलो. मोहल्ला समितीने दोन वर्षांपूर्वी घेतलेली अॅल्युमिनियमची काहील तेथे उपडी घातलेली असते. ती हलकी आहे, म्हणून सर्वांना आवडते. ज्या काळात हलकेपणा आवडतो त्या काळाविषयी काय लिहावे?

दारापासून सर्वांत दूरच्या, म्हणजे मानाच्या जागी तुर्दिअली बसला होता. तो मोहल्ल्याचा अक्सकाल, अर्थात प्रमुख आहे. त्याचे वडील आमच्याकडे स्वयंपाकी होते. मला दाराजवळ, जोड्यांशेजारी जागा मिळाली. तुर्दिअलीने वरून हाक मारली, पण मी जोड्यांशेजारीच बसलो. बोलावून दिलेला मान मला नको.

"या या, बायवच्चा!" तो मला अजूनही बायवच्चा म्हणतो, म्हणजे शेटजींचे पोर. माझे वय शहात्तर आहे. "काहिलीत फुलं लावताय म्हणे? एखादं रोप मलाही द्या. माझ्या गाढवाला जिरेनियम फार आवडतं."

"गाढवाची आवड धन्यावरून ठरते," मी म्हणालो.

सगळे हसले. तोही मांडीवर थाप मारून हसला. "घ्या! सकाळी सकाळी मार खाल्ला की नाही मी?"

मग मी उभा राहून सर्वांच्या समक्ष पुढील शब्द उच्चारले: "जोपर्यंत या मोहल्ल्यात आमची काहील मागायला कोणी येते, तोपर्यंत ती विकली जाणार नाही. परंतु मार्चातील नवरोजपर्यंत एकही माणूस आला नाही, तर मी स्वतः ताश्कंदला निरोप धाडीन. शराफबायाचा नातू शब्द मोडत नाही."

तुर्दिअली माझ्याजवळ, खाली जोड्यांपाशी येऊन बसला. घोटभर चहा ओतला, पुन्हा ओतला, पुन्हा ओतला.

"तोलिबची काही खबर?"

"उत्तम आहे." (तोलिब रशियात समारा येथे बांधकामावर आहे. उन्हाळ्यापासून खबर नाही.)

"आणि घरी?"

"उत्तम."

त्याने नानचा तुकडा माझ्यापुढे सरकवला. मी जेवून आलो आहे, असे त्याला सांगितले.

२ डिसेंबर, मंगळवार

काहील मागण्यास कोणीही आलेले नाही. गॅस आठवडाभर नाही. अंगणातील वाळलेले तुतीचे झाड तोडून जाळतो आहोत.

सबोहतविषयी दोन तक्रारी. एक, ती रोज पहाटे बहिणीकडे जाते. बहिणीचे पाय सुजले आहेत म्हणे. परतते तेव्हा तिच्या रुमालाला तंदुराचा वास येतो. घरात आजारपण असताना इतके भाजते कोण, हे एकदा विचारले पाहिजे. दोन, तिला हल्ली भूक लागत नाही. नान माझ्यापुढे ठेवते आणि स्वतः म्हणते, "मी तिकडेच खाल्लं." अन्नाची अशी नावड या घरात पूर्वी कोणा सुनेला नव्हती.

ऑक्टोबरात ती नान भाजून बाजाराच्या फाटकाशी विकण्याची परवानगी मागत होती. मी नाकारली. शराफबायाच्या घरची सून टोपली घेऊन फाटकात उभी राहणार नाही. तेव्हापासून तिने तो विषय काढलेला नाही, हे मात्र तिच्या बाजूने नमूद केले पाहिजे.

९ डिसेंबर, मंगळवार

आली! मागणी आली.

गाडीवाला एर्गश सकाळी गाडी आणि तीन माणसे घेऊन हजर. तुर्दिअलीच्या नातवाची सुंता आहे. त्या नातवाची सुंता दोन वर्षांपूर्वी झाल्याचे मला स्मरते, परंतु एर्गश म्हणाला, "हा दुसरा, ओता." असेल. नातू त्याला पुष्कळ आहेत.

"समितीची अॅल्युमिनियमची काय झाली?" मी मुद्दामच विचारले.

"तिच्यात भात लागतो हो. चव नाही. तुमच्या काहिलीची चव तिला कुठली!"

ही गोष्ट मी गेली दोन वर्षे सांगत होतो. मी काहिलीला आतून सरकीच्या तेलाचा हात फिरवून दिला आणि जाळ कसा हवा, याविषयी सविस्तर सूचना दिल्या. एर्गशने मान खाली घालून ऐकल्या. गाडीवर चढवताना तो कण्हत होता. हल्लीच्या माणसांत ताकद नाही.

१२ डिसेंबर, शुक्रवार

काहील परत आली. मला संताप आवरत नाही.

तिच्यात एक ताट पुलाव आणि दोन नान नव्हते. अर्धे पोते तांदूळ, गाजरे, मेंढीच्या शेपटाची चरबी आणि बीही ही फळे होती. सर्व कच्चे! मी एर्गशला सुनावले, "शिजवलेले ताटभर पाठवावे, हा रिवाज आहे. कच्चे पाठवणे म्हणजे 'तुमची चूल तुम्ही पेटवा' असे सांगणे."

"चुकलं ओता," तो म्हणाला. "आमची पिढीच तसली."

दुसरे. काहिलीच्या बुडाला काजळी नाही. बोट फिरवून पाहिले. माझ्या अंगणातलीच जुनी धूळ. आतून तर सरकीच्या तेलाचा माझा हातही जसाच्या तसा. म्हणजे शिजवल्यावर नीट घासलीसुद्धा नाही.

"जाळ कसला केलात?"

एर्गशने टोपी मागे सारून डोके खाजवले. "गॅसवर शिजवलं, ओता. गॅसची काजळी धरत नाही."

गॅस तुर्दिअलीच्या पुलावाखाली येतो आणि आमच्या चुलीत येत नाही, हे येथे नमूद करतो. अक्सकाल झाल्याचे फायदे.

सबोहतने पुलाव केला. तिला आज भूक लागली. दोनदा वाढून घेतले.

११ जानेवारी १९९८, रविवार

रमजान सुरू आहे. काहील आतापर्यंत चार वेळा गेली आणि आली. मोहल्ल्याला जेवणावळींचा रोगच जडला आहे. कोणाच्या सैन्यातील मुलाचे परत येणे, कोणाचे छप्पर, आणि खोलमत कसायाच्या गाईला जुळी वासरे झाली म्हणून जेवण! लोकांना पगार मिळत नाहीत, आणि यांना वासरांचे बारसे सुचते. मी अशी उधळपट्टी आमच्या ऐश्वर्याच्या काळातही ऐकली नाही. परत येते तेव्हा पुन्हा कच्चेच. या खेपेला पीठ, मूग आणि साबणाच्या चार वड्या. साबण! भांडे रिकामे न देण्याचा रिवाज आहे. दुकान भरून देण्याचा नाही.

आणि काजळी नाहीच.

परंतु खरी बोच वेगळी आहे, ती लिहितो. या चारांपैकी एकाही जेवणाचे बोलावणे मला आले नाही. काहील चालते, काहिलीचा धनी चालत नाही.

आज नमाजानंतर मशिदीच्या पायरीवरच तुर्दिअलीला धरले. "तुझ्या नातवाच्या सुंतेला तू मला बोलावले नाहीस."

तुर्दिअलीची जीभ कधी अडखळल्याचे मला माहीत नाही. आज अडखळली. "अहो बायवच्चा… ती सुंता… झालीच नाही म्हणा ना."

"म्हणजे?"

"पोरगं पळालं. वस्तरा बघितला आणि भिंतीवरून उडी टाकून जे सुटलं…"

"एक महिना झाला!"

"अजून पळतंय," तुर्दिअली म्हणाला.

मागे उभा असलेला खोलमत कसाई ठसका लागून खाली बसला. मी कोणाचाही निरोप न घेता घरी आलो. तीन दिवस चहाखान्यात जाणार नाही.

११ फेब्रुवारी, बुधवार

ईद झाली. तोलिबची खबर नाही. सबोहतने ईदेला नवा रुमालही घेतला नाही. विचारले तर म्हणते, जुनाच ऊबदार आहे. तिची बोटे भाजल्यासारखी लाल झाली आहेत. बहिणीची सेवा करताना असे कसे होते, मला समजत नाही. विचारले. म्हणाली, "थंडी आहे ना, ओताजान."

ताश्कंदवाल्याचा निरोप आला: नवरोजच्या आधी येऊन जातो. मी उलट निरोप पाठवला: काहिलीला मागणी आहे.

सहाव्यांदा गेली आज. एर्गशच्या कंबरेला पट्टा आहे. "ओता, तुमच्या आजोबांनी जरा लहान ओतवली असती तर?" असे म्हणाला. मी म्हणालो, "लहान ओतवली असती, तर तुझा आजा उपाशी मेला असता." तो हसला नाही. "खरंय," म्हणाला, आणि गाडी ओढू लागला.

१ मार्च, रविवार

आज एका गोष्टीचा उलगडा झाला आणि बऱ्याच दिवसांनी मी ताठ चाललो. क्रमाने लिहितो.

काहील परवा खोलमतच्या आईच्या वर्षश्राद्धासाठी गेली होती. काजळी न धरणारा हा जाळ असतो तरी कसा, हे स्वतः पाहावे म्हणून मी दुपारी न कळवता निघालो. खोलमतकडे सामसूम. त्याची आईच ओट्यावर बसून मटार सोलत होती. मला पाहताच ती आत पळाली. काही घरांत वर्षश्राद्धही आधी उरकून ठेवतात की काय, असे मनात आले. परंतु तिच्यामागे जाणे सभ्यपणाचे नव्हते. तेवढ्यात एक बाई रुमालाखाली वाडगा घेऊन तुर्दिअलीच्या फाटकात शिरताना दिसली. मीही शिरलो.

काहील तेथे द्राक्षाच्या मांडवाखाली मातीवर ठेवलेली होती. खाली ना चूल, ना लाकूड. लोक एकामागून एक येत आणि तिच्यात काही ना काही टाकत. कोणी ओंजळभर मूग. कोणी तेलाची बाटली. न्हाव्याच्या विधवेने रुमालाची गाठ सोडून दोन अंडी ठेवली, फुटू नयेत म्हणून तांदळात खळगा करून.

मला तत्काळ सर्व समजले. मोहल्ल्यातील कोणा अडलेल्या घरासाठी ही जमवाजमव चालली आहे, आणि शराफबायाची काहील शुभ म्हणून तिच्यात चालली आहे. सुंता आणि वासरे ही निमित्ते. गुप्तदानाची चर्चा होऊ नये म्हणून. आजवर मी रागावलो, ते चुकीचे होते.

तुर्दिअलीने वळून मला पाहिले आणि त्याचा चेहरा पिठासारखा झाला.

"बायवच्चा! तुम्ही… इकडे कसे?"

"कोणाचे घर आहे?" मी हळू विचारले.

"ते… नाव…"

"बरोबर. नाव घेऊ नये. नाव घेतले की दानाला बुरशी येते. परंतु तुर्दिअली, माझी एक तक्रार आहे. सगळ्या मोहल्ल्याकडून घेतलेस, माझ्याकडे मागितले नाहीस. एवढे उतरले का आमचे घर, की गरिबाच्या वाट्याला त्यातून मूठभर निघणार नाही?"

न्हाव्याची विधवा तोंड फिरवून उभी राहिली.

मी घरी आलो आणि सबोहतला सांगितले, "तांदूळ काढ. सगळा. कोणा अडलेल्या घरी द्यायचा आहे."

"कुठे, ओताजान?"

"तुर्दिअलीकडे जमवताहेत."

तिने डब्यावर हात ठेवला. "तिथे नका देऊ. दुसरं कुठेही द्या. मशिदीत द्या. तिथे नको."

"का?"

ती हसू लागली, आणि हसता हसता रडू लागली. या घरात मी कंजूषपणाचे पुष्कळ प्रकार पाहिले, परंतु हा नवीन होता. मी तिला म्हणालो, "आपल्यापेक्षा वाईट स्थितीत कोणी आहे, याबद्दल देवाचे आभार मान, आणि थैली दे." माझ्या दिवंगत पत्नीची मखमली थैली घेतली. तिच्यावर डाळिंबाचे फूल भरलेले आहे आणि त्याला एक पाकळी कमी आहे. भरताना दोरा संपला आणि त्या रंगाचा पुन्हा मिळाला नाही. थैली भरली, बांधली आणि नेऊन दिली.

तुर्दिअलीने ती दोन्ही हातांनी घेतली आणि डोळ्यांना लावली. त्याच्या डोळ्यांत पाणी होते. म्हातारपणी डोळे गळतात, माझेही गळतात.

३ मार्च, मंगळवार

दुपारी काहील परत आली. एर्गशने आणली. तुर्दिअली दफनाला गेला होता. तो असता तर असे झाले नसते.

तांदूळ, मूग, तेल. तांदळातल्या खळग्यात दोन अंडी.

त्यांच्याशेजारी थैली. बांधलेली. डाळिंबाला एक पाकळी कमी.

आज अधिक लिहीत नाही.

६ मार्च, शुक्रवार

तीन दिवस नोंद नाही, कारण अक्षर वाकडे येत होते आणि वाकडे अक्षर मला खपत नाही.

माझा शब्द असा होता: जोपर्यंत काहील मागायला कोणी येते, तोपर्यंत ती विकली जाणार नाही. तिला मागायला येत होते. ती कोणालाही नको होती. म्हणजे शब्दाप्रमाणे ती विकली पाहिजे. परंतु ती विकली, की मला कळले हे सगळ्यांना कळेल. मग न्हाव्याच्या विधवेने रस्त्यात माझ्याकडे कसे पाहावे? आणि न विकता ठेवली, तर दर पंधरा दिवसांनी एर्गश ती ओढणार, आणि मी बुडावर बोट फिरवून काजळी का नाही म्हणून विचारणार. आता ते कोणत्या तोंडाने विचारू?

खोलमतच्या आईने मटार सोलताना मला पाहिले आणि ती पळाली. बाई स्वतःचे वर्षश्राद्ध चुकवून आत पळाली, आणि मला तेव्हाही समजले नाही.

संतापाच्या भरात मी काहिलीला लाथ मारली. काहील बिडाची आहे, हे पूर्वी नमूद केलेच आहे. अंगठा सुजला.

सबोहतने कोमट पाणी आणले. ती माझा पाय धूत असताना मी विचारले, "तुझ्या बहिणीचे पाय कसे आहेत?"

"नाहीत बरे."

"ऑक्टोबरपासून?"

"सुजतात. उतरतात." तिने मान वर केली नाही. "पुन्हा सुजतात, ओताजान."

तिच्या मनगटावर भाजल्याचे डाग आहेत. तंदुराच्या काठाचे असतात तसे, वक्र. हे मी आधीही पाहिले होते.

१४ मार्च, शनिवार

तुर्दिअली स्वतः आला. पायी, एकटा. संदलीत, म्हणजे मेजाखालच्या शेगडीत, निखारे होते. रजई गुडघ्यांवर ओढून दोघे समोरासमोर बसलो. मी त्याच्या प्याल्यात घोटभर चहा ओतला. त्याने प्याला फिरवून पाहिला, आणि त्याच्या खांद्यातला ताण उतरला, असे मला वाटले.

थैलीविषयी तोही बोलला नाही आणि मीही नाही.

"काहील हवी होती," तो म्हणाला. "आमच्या त्या… म्हणजे नवरोजला…"

"नातू सापडला का?"

"छे. आता फर्गान्यात दिसला म्हणे."

मी पुन्हा घोटभर ओतला. आठ कानांची काहील दारातून दिसत होती. तिच्यापुढून एक मांजर गेले.

"न्या," मी म्हणालो. "परंतु या वेळी काजळी चढवून आणा."

तुर्दिअलीने प्याला खाली ठेवला. म्हणाला, "किती?"

"कान काळे होईपर्यंत."

"मग लाकडं पुष्कळ लागतील, बायवच्चा."

"आमच्या अंगणातील तुतीचा बुंधा उरला आहे. तो न्या."

त्याने तो नेला. एर्गशला न बोलावता, दोरी बांधून, स्वतः ओढत नेला. अक्सकालाने असे करू नये. मी त्याला तसे सांगितलेही.

१८ मार्च, बुधवार

ताश्कंदवाला आला. कोट तोच, किल्ल्याही त्याच.

"ओता, गाडी आणलीय. कुठेय काहील?"

"घरी नाही. कामाला गेली आहे."

"कधी येईल?"

"सांगता येत नाही. तिला काम पुष्कळ असते."

त्याचा प्याला काठोकाठ भरला. प्यायला, वाखाणला, गेला.

तो गेल्यावर सबोहतला हाक मारली. म्हणालो, "तुझ्या बहिणीचे पाय लवकर बरे होतील, असे मला दिसत नाही."

ती चुलीतली राख सावडू लागली.

"तेव्हा इतक्या पहाटे तिकडे जाण्याचे कारण नाही. आपल्या अंगणातला तंदूर सारवून घे. जे भाजायचे ते येथे भाज. आणि बाजाराच्या फाटकात उभे राहायचे असेल, तर डाव्या हाताला उभी राहा. तेथे वारा कमी लागतो."

तिने रुमाल तोंडाला लावला. मी पुढे सांगितले की नानवर शिक्का सरळ उमटला पाहिजे. वाकडा शिक्का मला खपणार नाही.

२१ मार्च, शनिवार. नवरोज.

रात्रभर गल्लीत गहू आणि मांसाचा हलीम शिजत होता. धूर घरात येत होता. मी गेलो नाही, बोलावणे नव्हते. सकाळी अंघोळ केली, चपान, म्हणजे लांब झगा, घातला, टोपी घातली आणि अंगणात बसलो. बसायला मनाई नाही.

गल्लीतून वाडग्यांचा आवाज येत होता. लोक जेवत होते. सबोहत टोपली घेऊन केव्हाच गेली होती. ऊन भिंतीवरून खाली उतरले आणि मी तसाच बसून राहिलो. यांना काजळी चढवायला सांगितली ती माझी चूक. आता यांना माझी आठवण राहण्याचे कारणच उरले नव्हते.

आवाज थांबले. मग अगदी फाटकाशी तुर्दिअली ओरडला. घसा बसलेला होता, आणि तो माझ्याकडे पाहून ओरडला नाही; गल्लीत मध्यभागी उभा राहून, आकाशाकडे तोंड करून, जसे माझ्या वडिलांनी मला वर्णन करून सांगितले होते तसा.

"काहील घासायला माणूस हवा!"

गल्लीत तीस-चाळीस लोक होते. सगळ्यांनी ऐकले. कोणीही उठले नाही.

मी उठलो. चपानच्या बाह्या वर केल्या.

काहील चुलीवरून उतरवून ठेवली होती. आठही कान काळे. बुडाला बोट लावले, ते मुळापर्यंत काळे झाले. न्हाव्याच्या विधवेने माझ्या हातात झारा दिला, तुर्दिअलीने शेजारी चौरंग ठेवला आणि म्हणाला, "सतरा साली माझ्या बापाला तुमच्या आजोबांनी हाच ठेवला होता."

"तेव्हा चौरंग नवा होता," मी म्हणालो.

शुद्धिपत्र. या वहीत १४ नोव्हेंबरच्या नोंदीत आमच्या घरातील स्वच्छतेविषयी एक वाक्य आहे. ते चुकीचे असून वगळून वाचावे. ती काहील घासायला तीस माणसे लागत नाहीत, एक पुरतो. आज मी घासली. खरवड खायला चांगली लागली.